गेमिंगसाठी ताणलेला लॅपटॉप पुन्हा जागेवर आणताना

प्रश्न थोडक्यात असा आहे: दोन वर्षांपूर्वी गेमिंग लॅपटॉप घेतला. तेव्हा व्हिडिओ बघून 'परफॉर्मन्स वाढवणारी' दिसेल ती सेटिंग चालू केली. आता गेम खेळणं जवळपास थांबलंय. काम म्हणजे ब्राउझर, वर्ड, एक्सेल आणि थोडं कोडिंग. पण साधी पीडीएफ उघडली तरी फॅन घोंघावतो, कीबोर्डचा मधला भाग हाताला लागेल इतका तापतो आणि बॅटरी दीड तासात संपते. गेम मोड बंद करून पाहिला, फरक पडला नाही. मग नेमकं काय बंद करायचं, आणि ते केल्यावर लॅपटॉप मंद होईल का?

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो, कारण खरी भीती तिथे आहे. मंद होणार नाही. वर्ड, एक्सेल आणि ब्राउझर यांना लागते त्याच्या कितीतरी पट ताकद या मशीनमध्ये गेमसाठी दिलेला जादा जोर, म्हणजे बूस्ट, काढल्यावरही उरते. फाइल उघडायला लागणारा वेळ तुम्हाला वेगळा जाणवणारही नाही. मोठा प्रोजेक्ट कंपाइल करताना थोडा फरक दिसेल, आणि तेवढ्या वेळापुरता बूस्ट परत कसा द्यायचा तेही पुढे सांगतो.

गेम मोड बंद करून काही बदललं नाही, हे अपेक्षितच आहे. हा मोड विंडोज १० मध्ये २०१७ साली आला आणि तो मुळातच चालू असतो. पण त्याचं काम गेम समोर असतानाच सुरू होतं: गेमला आधी वाव द्यायचा, मध्येच ड्रायव्हर बसवू द्यायचा नाही, रिस्टार्टची सूचना येऊ द्यायची नाही. तुम्ही एक्सेलमध्ये असता तेव्हा तो काहीच करत नसतो. माझ्या हाताखालून गेलेल्या मशीनांमध्ये हे मी पुन्हा पुन्हा पाहिलंय की ज्या बटणाच्या नावात 'गेम' आहे, ते बहुतेक वेळा निरुपद्रवी असतं. वीज खाणारी सेटिंग्ज साध्या नावांनी चार-पाच वेगवेगळ्या ठिकाणी बसलेली असतात. त्यातलं एखादं ठिकाण राहून गेलं की बाकी सगळी मेहनत वाया गेल्यासारखी वाटते, आणि माणूस वैतागून विंडोजच नव्याने टाकतो. तुम्ही तसं करू नका. त्याने यातल्या निम्म्या गोष्टी जागच्या हलतही नाहीत, कारण त्या विंडोजमध्ये नसतातच.

ही उष्णता येते कुठून, ते समजलं तर पुढचं सगळं सोपं जाईल. प्रोसेसर जास्त वेगाने पळवायचा तर त्याला व्होल्टेजही जास्त द्यावं लागतं. खर्च होणारी वीज वेगाच्या प्रमाणात वाढतेच, शिवाय व्होल्टेजच्या वर्गाच्या प्रमाणातही वाढते. उलटा हिशेब करून बघा. वेग ३० टक्क्यांनी उतरवला आणि त्यामुळे व्होल्टेज २० टक्क्यांनी खाली आलं, तर वीज लागते ०.७ गुणिले ०.८ गुणिले ०.८, म्हणजे साधारण ०.४५. वेग ७० टक्के राहिला आणि वीज निम्म्याहून कमी झाली. वेगाचा शेवटचा टप्पाच सगळ्यात महाग पडतो. इंटेलचा आय७-१२७००एच घ्या, बऱ्याच गेमिंग लॅपटॉपांत तो आहे. त्याची मूळ मर्यादा ४५ वॅटची, पण टर्बोत, म्हणजे मूळ वेगाच्या वर पळताना, त्याला ११५ वॅटपर्यंत जायची मुभा आहे. गेममध्ये हा खर्च कामी येतो. पीडीएफची पानं उलटताना त्यातून फक्त फॅनचा आवाज मिळतो.

आता कामाला लागण्याआधी मोजा. हे मी आग्रहाने सांगतो, कारण न मोजता दहा सेटिंग्ज बदलली तर कशाने फरक पडला ते कधीच कळत नाही. पद्धत साधी आहे. स्टार्टवर उजवी क्लिक करून टर्मिनल उघडा आणि पॉवरसीएफजीची बॅटरी रिपोर्टची आज्ञा (powercfg /batteryreport) द्या. एक फाइल तयार होते, तिच्यात बॅटरीची मूळ क्षमता आणि आज पूर्ण चार्ज झाल्यावरची क्षमता दोन्ही दिसतात. समजा आज ती ६० वॅट-तास आहे. चार्जर काढा, ब्राइटनेस निम्म्यावर आणा, नेहमीचे दोन-तीन प्रोग्राम उघडून अर्धा तास नेहमीसारखं काम करा. बॅटरी १० टक्के उतरली तर ६ वॅट-तास गेले, म्हणजे लॅपटॉप १२ वॅट घेतोय आणि पाच तास टिकेल. तुमची बॅटरी दीड तासात संपते, म्हणजे हलक्या कामालाही मशीन ४० वॅटच्या आसपास खातंय. अर्थात बॅटरीची क्षमता अजून ६० असेल तरच. ती उतरून ४० वर आली असेल तर गणित बदलतं आणि दोषाचा काही भाग बॅटरीकडे जातो. म्हणून तो रिपोर्ट आधी.

एचडब्ल्यूइन्फोसारखं सॉफ्टवेअर हे वॅट थेट दाखवतं, पण त्यात एक अडचण आहे आणि तिने भल्याभल्यांना फसवलंय. अशी सॉफ्टवेअर ग्राफिक्स कार्डाला सतत 'तापमान किती, वेग किती' असं विचारत राहतात. प्रत्येक वेळी उत्तर द्यायला झोपलेलं कार्ड जागं होतं. म्हणजे मोजणाराच खर्च वाढवतो, आणि आपण समजतो की कार्ड बंदच होत नाही. मोजून झालं की ते पूर्ण बंद करा, टास्कबारच्या कोपऱ्यातूनही काढा.

पहिला थर कंपनीच्या स्वतःच्या सॉफ्टवेअरचा. आसुसचं आर्मरी क्रेट, लेनोवोचं व्हँटेज, एचपीचं ओमेन गेमिंग हब, एसरचं नायट्रोसेन्स किंवा प्रिडेटरसेन्स, एमएसआय सेंटर, डेलच्या एलियनवेअरचं कमांड सेंटर. नावं निराळी असली तरी आत सायलेंट, बॅलन्स्ड, परफॉर्मन्स किंवा टर्बो असे मोड सगळीकडे असतात. ही निव्वळ विंडोजची सेटिंग नाही. प्रोसेसरला आणि ग्राफिक्स कार्डाला किती वॅट द्यायचे, फॅन किती फिरवायचा, हे मदरबोर्डवरच्या एका छोट्या चिपला इथून सांगितलं जातं. त्यामुळे विंडोजमध्ये कितीही काटकसर केली आणि इथे टर्बो राहिला, तर फॅन वाजतच राहणार. बहुतेक मशीनांवर यासाठी कीबोर्डची एखादी जोडीही असते. लेनोवोच्या लीजनवर एफएन आणि क्यू दाबत गेलं की पॉवर बटणाचा दिवा निळा, पांढरा, लाल असा बदलतो. निळा म्हणजे शांत, लाल म्हणजे पूर्ण ताकद. आसुसच्या बऱ्याच मॉडेलांवर एफएन आणि एफ५. अनेकांच्या बाबतीत हा मोड कधीतरी चुकून दाबला गेलेला असतो आणि महिनोन्‌महिने तसाच राहतो.

इथे बॅलन्स्ड ठेवा, सायलेंट नको. सायलेंटमध्ये काही मशीनं फॅन इतका दाबून धरतात की मशीनचं अंग आणखी तापतं, आणि तुमची एक तक्रार तर तापण्याचीच आहे. सोबत 'मॅन्युअल' किंवा 'कस्टम' नावाच्या भागात डोकावा. तिथे तुम्ही हाताने वॅट वाढवलेले असतील किंवा फॅनचा आलेख ओढून ठेवला असेल, तर तो मूळ स्थितीवर आणा. ग्राफिक्स कार्डाचं ओव्हरक्लॉकही, म्हणजे ठरलेल्यापेक्षा जास्त वेग देणंही, काही कंपन्या याच पानावर देतात.

दुसरा थर विंडोजच्या पॉवर सेटिंगचा. सेटिंग्जमध्ये सिस्टिम, मग पॉवर अँड बॅटरी, तिथे पॉवर मोड. चार्जरवर असताना बॅलन्स्ड आणि बॅटरीवर असताना बेस्ट पॉवर एफिशियन्सी ठेवा. आता हे बघा: ती निवड तुम्हाला बदलताच येत नसेल, राखाडी दिसत असेल, तर कारण जवळपास नक्की सांगता येतं. तुम्ही कधीतरी हाय परफॉर्मन्स किंवा अल्टिमेट परफॉर्मन्स हा पॉवर प्लॅन चालू केलाय. अल्टिमेट हा प्लॅन विंडोज १० च्या १८०३ आवृत्तीत आला, तो वर्कस्टेशनसाठी होता आणि मुद्दाम लपवलेला होता. व्हिडिओवाल्यांनी तो एका आज्ञेने उघडून सगळ्यांच्या लॅपटॉपवर नेला. जुन्या कंट्रोल पॅनेलमध्ये पॉवर ऑप्शन्स उघडा, बॅलन्स्ड निवडा, मग उरलेला प्लॅन काढून टाका. पॉवर मोडची निवड लगेच परत मिळते. सगळे प्लॅन एका फटक्यात मूळ स्थितीला नेणारी आज्ञाही आहे, पण तिने लॅपटॉप कंपनीने स्वतः बनवलेला प्लॅनही उडतो, म्हणून मी ती शेवटी ठेवतो.

हाय परफॉर्मन्स प्लॅनमधली घातक ओळ एकच आहे: मिनिमम प्रोसेसर स्टेट १०० टक्के. काही काम नसतानाही वेग उतरू द्यायचा नाही, असा तिचा अर्थ. बॅलन्स्डमध्ये हा आकडा साधारण ५ असतो. तुम्ही बॅलन्स्डवर आलात, पण पूर्वी त्याच्याच आत जाऊन हा आकडा १०० केला असेल तर? म्हणून 'चेंज ॲडव्हान्स्ड पॉवर सेटिंग्ज' उघडून प्रोसेसर पॉवर मॅनेजमेंट एकदा डोळ्यांनी बघा. सगळ्यात सोपं म्हणजे त्याच खिडकीतलं 'रिस्टोअर प्लॅन डिफॉल्ट्स'. तिथे हा भागच दिसत नसेल तर घाबरू नका. काही नव्या मशीनांवर तो लपवलेला असतो, आणि मग तिथे काही बिघडलं असण्याची शक्यताही कमीच.

याच जागी मॅक्सिमम प्रोसेसर स्टेटही आहे. हा आकडा १०० वरून ९९ केला की बहुतेक प्रोसेसरांचा टर्बो पूर्ण बंद होतो आणि वेग मूळ आकड्याच्या आसपास थांबतो. ही युक्ती जुनी आहे, चालते, आणि कंपनीचं सॉफ्टवेअर धड काम करत नसेल तेव्हा मीही वापरतो. पण ती मी फक्त 'ऑन बॅटरी' या ओळीत लावतो, 'प्लग्ड इन' मध्ये १०० च ठेवतो. त्यामुळे कोड कंपाइल करायची वेळ आली की चार्जर लावला, काम झालं. टर्बो ही मुळात वाईट गोष्ट नाही. क्षणभर जोर लावून काम उरकायचं आणि परत झोपायचं, यासाठीच तो बनवलाय. त्रास होतो तो झोपू न देणाऱ्या सेटिंगचा. टर्बो दोन्हीकडे कायमचा बंद करून 'लॅपटॉप जड झाला' म्हणणारे बरेच भेटतात.

तिसरा थर ग्राफिक्स कार्डाचा, आणि माझ्या अनुभवात दीड तासाच्या बॅटरीचं खरं कारण दहातल्या सात-आठ वेळा इथेच सापडतं. तुमच्या मशीनमध्ये ग्राफिक्सच्या दोन व्यवस्था आहेत: एक प्रोसेसरच्या आतली, फार कमी वीज घेणारी, आणि दुसरी गेमसाठीची स्वतंत्र. एनव्हिडियाने २०१० साली ऑप्टिमस आणलं, तेव्हापासून कल्पना अशी आहे की स्क्रीन आतल्या ग्राफिक्सवर चालावी आणि मोठं कार्ड गरज लागेल तेव्हाच जागं व्हावं. गेममध्ये यामुळे थोडे फ्रेम, म्हणजे दर सेकंदाला दिसणारी चित्रं, जातात, कारण मोठ्या कार्डाने काढलेलं चित्र आतल्या ग्राफिक्समधून स्क्रीनवर जातं. म्हणून गेमिंग लॅपटॉपांत मक्स स्विच आला. तो 'डिस्क्रीट' किंवा 'डीजीपीयू ओन्ली' (फक्त स्वतंत्र कार्ड) वर टाकला की स्क्रीन थेट मोठ्या कार्डाला जोडली जाते. फ्रेम वाढतात खरे, पण मग ते कार्ड कधीच झोपू शकत नाही, कारण समोरचं पान दाखवणारा दुसरा कुणी उरलेलाच नसतो. रिकाम्या डेस्कटॉपवरही त्याचे दहा-पंधरा वॅट चालू राहतात.

ही निवड कंपनीच्या सॉफ्टवेअरमध्ये 'जीपीयू मोड' (जीपीयू म्हणजे ग्राफिक्स कार्ड) अशा नावाने असते, काही मशीनांत बायोसमध्ये, म्हणजे विंडोजच्या आधी चालू होणाऱ्या मदरबोर्डच्या सेटिंगमध्ये. ती हायब्रिड किंवा ऑप्टिमसवर आणा, रिस्टार्ट करा, आणि वर सांगितलेलं मोजमाप पुन्हा करा. बऱ्याच जणांचं काम इथेच संपतं.

हायब्रिडवर असूनही कार्ड झोपत नसेल तर त्याला कोण जागं ठेवतंय ते शोधा. एनव्हिडिया कंट्रोल पॅनेलच्या डेस्कटॉप मेन्यूत 'जीपीयू ॲक्टिव्हिटी' चं चिन्ह टास्कबारवर दाखवायची सोय आहे. त्यावर क्लिक केलं की कार्ड वापरणाऱ्या प्रोग्रामची नावंच समोर येतात. नेहमीचे गुन्हेगार असे: सेटिंग्जमध्ये डिस्प्ले आणि ग्राफिक्सखाली ब्राउझरला तुम्ही 'हाय परफॉर्मन्स' दिलेलं असतं, हलणारा वॉलपेपर, कीबोर्डच्या दिव्यांचं सॉफ्टवेअर, गेम लाँचर, जो संगणक सुरू होताच उघडतो आणि मागे बसून राहतो. ब्राउझर 'लेट विंडोज डिसाइड' वर आणा आणि लाँचर टास्क मॅनेजरच्या स्टार्टअप यादीतून बंद करा. याशिवाय एक कारण सॉफ्टवेअरचं नसतंच. बाहेरचा मॉनिटर एचडीएमआयने जोडला असेल, तर बऱ्याच गेमिंग लॅपटॉपांत ते पोर्ट थेट मोठ्या कार्डाला जोडलेलं असतं. मॉनिटर लावलेला आहे तोवर कार्ड जागं राहणार आणि कुठलंही सेटिंग ते बदलणार नाही. काही मॉडेलांत यूएसबी-सी पोर्ट आतल्या ग्राफिक्सला जोडलेलं असतं. तुमच्या मॉडेलच्या माहितीपत्रकात ते बघा आणि असेल तर मॉनिटर तिकडून जोडा.

त्याच कंट्रोल पॅनेलमध्ये 'मॅनेज थ्रीडी सेटिंग्ज' खाली पॉवर मॅनेजमेंट मोड आहे. तो 'प्रेफर मॅक्सिमम परफॉर्मन्स' असेल तर 'नॉर्मल' किंवा तिथे जो मूळ पर्याय असेल त्यावर आणा. मॅक्सिमममध्ये कार्ड एकदा जागं झालं की काम हलकं असलं तरी त्याचा वेग खाली येत नाही. मागे चालणारं रेकॉर्डिंगही बघा: विंडोजच्या गेमिंग विभागात 'कॅप्चर्स' मध्ये 'रेकॉर्ड व्हॉट हॅपन्ड', आणि एनव्हिडियाचं इन्स्टंट रिप्ले. दुसऱ्यात डेस्कटॉप रेकॉर्डिंगही चालू असेल तर तुम्ही एक्सेलमध्ये काम करता तेही ते टिपत राहतं. दोन्ही बंद करा.

स्क्रीनचा रिफ्रेश रेट, म्हणजे सेकंदाला ती किती वेळा नव्याने रंगते तो आकडा, १४४ किंवा १६५ असेल तर बॅटरीवर ६० करा, किंवा विंडोज ११ 'डायनॅमिक' देत असेल तर ते निवडा. वॅटभर वाचतो, मशीनप्रमाणे कमी-जास्त. यापेक्षा जास्त यात सांगण्यासारखं नाही.

चौथा थर वेग आणि व्होल्टेज हाताने बदलण्यासाठी स्वतः बसवलेल्या हत्यारांचा: एमएसआय आफ्टरबर्नर, थ्रॉटलस्टॉप, इंटेलचं एक्सटीयू. इथे एक नियम मी कधी मोडत नाही. ज्या हत्याराने बदल केला, त्याच हत्याराने तो मागे घ्यायचा आणि मगच ते काढायचं. आफ्टरबर्नरमध्ये आधी रीसेट, मग सुरुवातीलाच ओव्हरक्लॉक लावायची खूण काढायची, मग रिस्टार्ट, आणि सगळं नीट दिसलं की अनइन्स्टॉल. तुम्ही व्होल्टेज कमी करणारं अंडरव्होल्ट केलं असेल, तर ते उष्णता कमी करतं. वीज वाचवण्यासाठी ते काढायची गरज नाही. फक्त मशीन अधूनमधून निळी स्क्रीन देत असेल तर पहिला संशय त्याच्यावर घ्या.

'गेम बूस्टर' म्हणवणाऱ्या सॉफ्टवेअरला हाच नियम आणखी कडकपणे लागू होतो. एका ओळखीच्यांचा लॅपटॉप माझ्याकडे आला होता. तक्रार अशी की प्रिंट निघत नाही, स्टार्टमधला सर्च काही शोधत नाही आणि अपडेट महिनोन्‌महिने आलेलं नाही. दोन संध्याकाळी मी प्रिंटरचे ड्रायव्हर बदलण्यात घालवल्या. शेवटी सर्व्हिसेसची, म्हणजे विंडोजच्या मागे चालणाऱ्या कामांची, यादी उघडली तर प्रिंट स्पूलर, विंडोज सर्च आणि विंडोज अपडेट तिन्ही 'डिसेबल्ड'. त्यांनी पूर्वी एक बूस्टर बसवला होता. त्याने गेमसाठी 'निरुपयोगी' सर्व्हिसेस बंद केल्या, आणि पुढे त्यांनी तो 'रिस्टोअर' न दाबता थेट काढून टाकला. बूस्टर गेला, त्याने केलेले बदल मागे राहिले. तो क्रम लक्षात ठेवा: आधी त्याच्या आतलं 'रिस्टोअर' किंवा 'अनडू', मग रिस्टार्ट, मग अनइन्स्टॉल. आधीच काढला असेल तर तोच पुन्हा बसवून रिस्टोअर चालतं का बघा. नाहीतर सर्व्हिसेसच्या यादीत वरची तिन्ही नावं आणि सिसमेन (SysMain) ही सर्व्हिस स्वतः तपासा. सर्च, सिसमेन आणि स्पूलर यांचा स्टार्टअप प्रकार 'ऑटोमॅटिक' कडे आणा, अपडेटला 'मॅन्युअल' पुरतं. 

काळ्या खिडकीत चिकटवलेल्या आज्ञा तुम्ही विसरला असाल, पण संगणक विसरत नाही. कमांड प्रॉम्प्ट ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा आणि नुसतं बीसीडीएडिट (bcdedit) एवढंच टाइप करून एंटर दाबा. याने काही बदलत नाही, फक्त यादी दिसते. त्यात डिसेबलडायनॅमिकटिक (disabledynamictick) किंवा यूजप्लॅटफॉर्मक्लॉक (useplatformclock) यांपैकी एखादी ओळ 'येस' दिसली, तर ती 'लॅग कमी करा' छापाच्या सल्ल्यातून आलेली आहे. पहिल्या सेटिंगमुळे विंडोजचा टायमर काम नसतानाही सतत टिकटिकत राहतो आणि प्रोसेसरला गाढ झोप लागत नाही. बॅटरीवर चालणाऱ्या मशीनला ही ओळ नकोच. त्याच बीसीडीएडिटच्या डिलीटव्हॅल्यू आज्ञेने (bcdedit /deletevalue आणि पुढे त्या ओळीचं नाव) ती काढा आणि रिस्टार्ट करा. यादीतल्या बाकी कुठल्याही ओळीला हात लावू नका. संगणक सुरू कसा व्हायचा, हे तिथे लिहिलेलं असतं.

आता एक भाग असा आहे की जिथे बंद काही करायचं नाही, उलट परत चालू करायचंय. तुम्ही विचारलेलं नाही, पण मला तो सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. फ्रेम वाढवण्याच्या सल्ल्यांत 'मेमरी इंटिग्रिटी बंद करा' हा सल्ला हमखास असतो. घातक कोडला विंडोजच्या गाभ्यात शिरू न देणारं हे संरक्षण आहे. विंडोज सिक्युरिटीमध्ये डिव्हाइस सिक्युरिटी, तिथे कोअर आयसोलेशन. काही गेममध्ये ते बंद केल्याने फरक पडतो, हे खरं आहे. मायक्रोसॉफ्टनेही गेम खेळणाऱ्यांना हा पर्याय सांगितला होता, पण खेळून झाल्यावर परत चालू करा हेही सांगितलं होतं. तो दुसरा अर्धा भाग व्हिडिओंमध्ये गळतो. आता या लॅपटॉपवर तुम्ही बँकेचे व्यवहार आणि ऑफिसची कागदपत्रं हाताळता, तेव्हा ते चालू हवंच. त्याच खिडकीत व्हायरस संरक्षणाच्या सेटिंगखाली 'एक्सक्लूजन्स' बघा. गेम पटकन लोड व्हावा म्हणून सगळी सी किंवा डी ड्राइव्हच तपासणीतून वगळलेली मी एकदा नाही, अनेकदा पाहिली आहे. अशी नोंद दिसली की काढा आणि एकदा पूर्ण स्कॅन लावा.

बायोसमधलं काही बदलायचं असेल तर आधी थांबा. गेमिंग लॅपटॉपच्या बायोसमध्ये परफॉर्मन्स मोड, ग्राफिक्सची निवड, कधी ओव्हरक्लॉकिंग अशी पानं असतात. तिथे जाण्याआधी तुमची ड्राइव्ह बिटलॉकरने किंवा डिव्हाइस एन्क्रिप्शनने कुलूपबंद केलेली आहे का ते तपासा. असेल तर तिची ४८ अंकी रिकव्हरी की तुमच्या मायक्रोसॉफ्ट खात्यातून काढून कागदावर लिहून ठेवा. बायोसमधल्या काही बदलांनंतर विंडोज ती की मागतं, आणि की नसेल तर ड्राइव्हवरची माहिती गेली समजा. 'लोड डिफॉल्ट्स' हा पर्याय मोहात पाडतो, पण त्याने स्टोरेजचा मोडही बदलू शकतो. इंटेलच्या ज्या मशीनांत व्हीएमडी नावाचं सेटिंग असतं, तिथे ते बदललं की विंडोज सुरूच होत नाही. म्हणून तुम्ही स्वतः बदललेली तेवढीच ओळ परत फिरवा. काय बदललं ते आठवत नसेल तर आधी प्रत्येक पानाचे मोबाइलने फोटो काढा.

काही गोष्टींना हात लावायची गरजच नाही. गेम मोड परत चालू केला तरी चालेल. हार्डवेअर ॲक्सिलरेटेड जीपीयू शेड्युलिंग, विंडोड गेम्सची ऑप्टिमायझेशन्स, व्हेरिएबल रिफ्रेश रेट ही सगळी नावं भारदस्त आहेत, पण तुमच्या बॅटरीवर त्यांचा जाणवण्यासारखा बोजा नाही. 'व्हिज्युअल इफेक्ट्स' मध्ये 'बेस्ट परफॉर्मन्स' निवडलेलं असेल तर ते मात्र काढा. त्याने वेग वाढत नाहीच, आणि अक्षरांच्या कडा ओबडधोबड होतात, दिवसभर वाचणाऱ्या डोळ्यांना त्याचा त्रास होतो.

हे सगळं एका बैठकीत करू नका. एका वेळी एक थर, मग रिस्टार्ट, मग अर्ध्या तासाचं मोजमाप, आणि आकडा लिहून ठेवायचा. माझा क्रम असा: आधी कंपनीचा मोड, मग जीपीयू मोड, मग पॉवर प्लॅन, मग बूस्टर आणि आज्ञा. ४० वॅटवरून १२ ते १५ वर आलात की थांबा. त्याच्या खाली प्रत्येक वॅटसाठी जी खटपट लागते ती रोजच्या वापरात परवडत नाही.

अधूनमधून खेळावंसं वाटलं तर यातलं काहीही उलटं करायची गरज नाही. चार्जर लावा, कंपनीच्या कीने परफॉर्मन्स मोड घ्या, खेळा, आणि उठताना तीच की परत दाबा. मोठं कंपाइल करायचं असेल तेव्हाही हेच. हायब्रिडमध्येही गेम मोठ्या कार्डावरच चालतो. थोडेसे फ्रेम जातील. एनव्हिडिया कंट्रोल पॅनेलमध्ये 'मॅक्स फ्रेम रेट' ६० वर बांधला तर खेळतानाही फॅन बराच शांत राहतो.

आणि वॅट उतरले तरी मशीन तापतंच असेल, तर दोष सेटिंगचा उरलेला नाही. दोन वर्षं पूर्ण वेगाने फिरलेल्या फॅनने जाळीत धूळ ओढलेली असते आणि प्रोसेसरची उष्णता बाहेर न्यायला मदत करणारी थर्मल पेस्ट वाळलेली असते. ते काम दुरुस्तीच्या टेबलावरचं. लॅपटॉप तिथे उघडला जाईल तेव्हा बॅटरीही बघून घ्यायला सांगा, कारण सततच्या उष्णतेचा सगळ्यात जास्त मार तिला बसतो. घरी तपासायचं तर झाकण मिटून लॅपटॉप सपाट टेबलावर ठेवा. तो डुगडुगत असेल, टचपॅड वर उचललेला वाटत असेल किंवा त्याची क्लिक जड झाली असेल, तर बॅटरी फुगली असण्याची दाट शक्यता आहे. तसं दिसलं तर वरचं सगळं बाजूला ठेवा, चार्जर काढा, लॅपटॉप बंद करा आणि बॅटरी बदलेपर्यंत तो पुन्हा चार्जिंगला लावू नका.